उष्टी थाळी आणि पंचवार्षिक योजना

तयारीचं मले नको सांगू, बापूराव. वर्ध्याजवळच्या आश्रमशाळेत मास्तरकीच्या मुलाखतीले मी गेलतो, तेव्हा अख्खी पंचवार्षिक योजना तोंडपाठ होती.

आम्हा पाच उमेदवारांले आधी तिथंच जेवण होतं. ज्याची थाळी त्यानंच घासायची, असा तिथला नियम. पण मले घास उतरेना. थाळी तशीच सोडून मी वऱ्हांड्यात योजनेची उजळणी कराले बसलो.

मग एकेकाले बोलावू लागले. आतून हेडमास्तरांचा आवाज ये, "ही थाळी कोणाची?"

"माझी नाई."

चारदा हेच आयकलं. मग माझी पाळी आली. आत गेलो, तर टेबलावर माझीच उष्टी थाळी.

"माझी हाये, जी."

"काऊन सोडली?"

"मुलाखतीची तयारी करून राह्यलो होतो."

"घासून आणा."

विहिरीवर राखेनं घासून आणली. त्यांनी ती उलटी करून पाह्यली. "मागच्या बाजूनं घासाची राह्यली."

पुन्हा विहिरीवर गेलो, मागून घासून आणली.

योजनेचं एक अक्षर विचारलं नाई. नोकरी मात्र लागली.

आता रिटायर झालो, तरी मी थाळी पहिले मागूनच घासतो. बायको म्हणते, "ठेवा जी आता. झाली तुमची मुलाखत."