उलटा तवा

माइक चालू करायलाच विसरलो, ही चूक माझीच. गारपिटीच्या आठवणी शूट करायला आम्ही हिवरखेडला शांतामावशींकडे गेलो होतो. भाजीचा मळा आहे त्यांचा.

मावशी सांगत होत्या, “गारा थांबाव्या म्हनून आमी अंगनात तवा उलटा टाकतो. म्या मालकायले तवा घेऊन धाडलं. छपराचा टीन उडून त्यायच्या डोक्यात लागला. जागीच गेले.”

तेव्हा कळलं, आवाज आलेलाच नाही. मी माइक चालू केला. “मावशी, पुन्हा एकदा सांगता?”

त्या म्हणाल्या, “गारा आल्या. तवा घेऊन मीच अंगनात गेली.”

“पण मघाशी तर काका गेले होते.”

“तूच पुन्हा सांगाले लावलं न, बापू. आता कायले धाडू त्यायले?”