वाचणारीचा वाटा

पुष्पजा : मग शेळी कुठं गेली, अच्युतेट्टा?

अच्युतन : आधी बस तरी. आल्या आल्या कसली शेळी?

पुष्पजा : बसायला नाही आले. उद्या कारखान्यात वाचायचं म्हणून हे पुस्तक तुम्ही दिलंत, रात्री सासूबाईंना वाचून दाखवलं. पुराची गोष्ट. पाणी चढतं, सगळे होडीत बसतात, नावाडी बांबू रोवून होडी लोटतो, आई पोरं मोजते आणि गोष्ट खलास. धाकटी पोर उडी मारून मागं जाते, अंगणातल्या शेळीचा दोर सोडते, ते कुठाय? सासूबाई म्हणाल्या, पानाला पान चिकटलं असेल. पेजेच्या वाफेवर धरून पाहिलं.

अच्युतन : वाफेवर? माझं पुस्तक?

पुष्पजा : थोडंसं वाकलंय. शेळीचं सांगा.

अच्युतन : पुस्तकात नाही ती.

पुष्पजा : नाही कशी? विड्या वळायला बसले तेव्हापासून तुमच्या तोंडून ऐकतेय. दर वर्षी एकदा तरी ती गोष्ट व्हायची, आणि दर वर्षी शेळी सुटायची.

अच्युतन : माझ्या तोंडून सुटायची. ज्यांनी गोष्ट लिहिली त्या मास्तरांनी सोडलेली नाही.

पुष्पजा : म्हणजे पदरचं घातलंत.

अच्युतन : चीरूच्या पदरचं. थांब, पाणी पिऊ दे. हा घसा म्हणजे... हं. तू तेव्हा झग्यात असशील. चीरू खिडकीपाशी बसायची, आत्ता बसते तिथंच. मी ती गोष्ट पहिल्यांदा वाचली, सगळा हॉल डोळे पुसत होता, आणि ही विचारते, आणि शेळी? म्हटलं, कुठली शेळी? म्हणाली, सुरुवातीला अंगणात बांधलेली होती ती. माणसं होडीतनं गेली, तिचं काय? म्हटलं, लिहिणाऱ्यानं सांगितलेलं नाही. म्हणाली, मग मीही विड्या देत नाही.

पुष्पजा : नाही दिल्या?

अच्युतन : एक नाही. आणि तिचं बघून दुसऱ्या दिवशी अर्ध्या हॉलनं हात आखडले. आता मी वाचत बसणार म्हणजे माझ्या वाट्याच्या विड्या तुम्ही वळून माझ्या सुपात टाकणार, तेव्हा माझा रोज पडणार. सूप रिकामं म्हणजे चूल रिकामी. तिसऱ्या दिवशी मी, मधलं एक पान वाचायचं राहिलं होतं म्हणत, तीच गोष्ट पुन्हा काढली आणि धाकटीला होडीतनं खाली उतरवली. सूप भरलं.

पुष्पजा : पोटासाठी शेळी सोडलीत तर.

अच्युतन : हस. पोटापुढं मास्तर काय आणि साहित्य काय.

पुष्पजा : हसत नाहीये. मला रडू येतंय, पण तुमच्या ओट्यावर रडले तर शेजारी म्हणतील, अच्युतनचं काही बरंवाईट झालं.

अच्युतन : अजून नाही झालं. डॉक्टर म्हणाला, बोला, पण मोठ्यानं वाचू नका. मला हे म्हणजे, जेवा पण गिळू नका, असं झालंय.

पुष्पजा : आणि उद्या माझी परीक्षा. कारखान्याच्या सेक्रेटरीनं सगळ्यांसमोर सांगितलंय ना, एक दिवस पुष्पजा वाचेल. जेवणाच्या घंटेला तिचं सूप भरलेलं असलं तर यापुढं तीच वाचेल, नाहीतर परवापासून टेप. लक्ष्मणन तर कॅसेटी निवडून बसलाय. म्हणतो, पुष्पजेच्ची, वाईट वाटून घेऊ नका, गाण्यावर हात भराभर चालतात.

अच्युतन : तुला एवढं का हवंय ते? खरं सांग. वळण्यात तुझा हात सगळ्या हॉलात पहिला. वाचायला बसलीस तर उलट दुसऱ्यांच्या हातावर पोट.

पुष्पजा : चौथीला शाळा सुटली माझी. त्यापुढची सगळी शाळा म्हणजे तुमचा आवाज. मुलं विचारतात, आई तुला एवढं कसं ठाऊक, तर मी काय सांगू, तंबाखू भरता भरता ऐकलं? आणि दुसरं सांगते. त्या हॉलात सगळे माना खाली घालून बसलेले असतात. मान वर करून बसायची एकच जागा आहे, ते तुमचं स्टूल. टेप आला की तेही अडगळीत जाणार. मग म्हातारी होईपर्यंत सिनेमाची गाणी ऐकत पानं कापायची मी?

अच्युतन : हं. ती ट्रंक ओढ इकडं.

पुष्पजा : मी ठरवलंय काय वाचायचं ते. कादंबरी. पहिलं प्रकरण वाचते आणि नेमकी लग्नाच्या मांडवात थांबते. पुढचं ऐकायचं तर मला ठेवावंच लागेल.

अच्युतन : शहाणी आहेस. पण चुकतेस. कादंबरी म्हणजे सासरी नांदणं. रोज जावं लागतं, एक दिवस चुकला की कोण कोणाचा दीर ते कळत नाही. आपल्याकडं आज याचं पोर आजारी, उद्या तिच्या घरी पाहुणे. गोष्ट म्हणजे माहेरपण. सकाळच्या चहानंतर आलीस, जेवणापर्यंत भरून पावलीस, निघालीस. ज्यानं एकच दिवस ऐकलं त्यालाही पुरी मिळाली. हे बघ, हे पिवळं.

पुष्पजा : बंगाली बाईचं.

अच्युतन : अख्ख्या संग्रहात ही बाई स्वयंपाकघराचा उंबरा ओलांडत नाही. आणि तरी लग्न, मरण, फाळणी, सगळं त्या चुलीपाशी येऊन बसतं. मला आधी वाटलं, बायकी पुस्तक, विड्या पडायच्या नाहीत. पुरुषांनीच जास्त टाकल्या. आणि हे जाडं, रशियातलं.

पुष्पजा : मोजेवाली!

अच्युतन : तीच. भाऊ लढाईतनं एक पाय घालवून येतो, आणि बहीण त्याला मोजे विणते ते जोडीनंच. बर्फ बघितलाय का आपल्यातल्या कोणी? पण त्या दिवशी रोहिणीनं घरी जाऊन भावाशी अबोला सोडला. शेताच्या बांधावरनं धरला होता तो. चांगल्या संग्रहाचं असं असतं बघ, एक गोष्ट लागू नाही पडली तर दुसरी पडते. वैद्याच्या पेटीसारखं.

पुष्पजा : आणि तुमचे मास्तर?

अच्युतन : मास्तर सगळ्यांच्या वर. नदीकाठच्या शाळेत जन्म काढला, एकच पुस्तक लिहिलं. त्यातला तो माडी काढणारा, माडीवाला, आठवतो? माडावर चढलाय, वरनं त्याला स्वतःचं अंगण दिसतं, आणि कोणी अनोळखी माणूस घरात शिरताना दिसतो. उतरायला लागतो. अर्ध्या माडावर गोष्ट संपते.

पुष्पजा : त्या दिवशी आम्ही सगळे भांडलो होतो. लक्ष्मणन म्हणाला, बायकोचा यार. चीरूअम्मा म्हणाल्या, वसुलीवाला. मी म्हटलं, हरवलेला भाऊ असेल.

अच्युतन : बघ. आणि मास्तरांनी काही सांगितलं असतं तर विडी ओढून फेकावी तशी ती गोष्ट फेकून घरी गेला असतात तुम्ही. फार मोठा माणूस गं. एवढंसं लिहायचा, आणि बाकीचं आपल्या घरी येऊन राहायचं.

पुष्पजा : बरं, मास्तरच वाचते. पुराचीच वाचते, ती माझी पाठ आहे. शेळीसकट.

अच्युतन : शेळीशिवाय वाच.

पुष्पजा : काय?

अच्युतन : छापलंय तसं.

पुष्पजा : वा! आयुष्यभर तुम्ही शेळी सोडून सूप भरून घेतलंत, आणि माझ्या परीक्षेच्या दिवशी ती बांधून ठेवायची? चीरूअम्मा अजून तिथंच बसतात, अच्युतेट्टा. जीभ तीच आहे. त्यांनी हात आखडला की सगळे आखडतील.

अच्युतन : आखडतील.

पुष्पजा : मग?

अच्युतन : ती आई पोरं मोजते म्हणालीस, ती ओळ काढ. शेवटची. तू माझ्या तोंडून कधी ऐकली नाहीस ती.

पुष्पजा : नाही ऐकली. आणि मला ती कळलीही नाही. होडी निघाल्यावर ती पोरं मोजते. भरतात. पुन्हा मोजते. भरतात. तरी तिसऱ्यांदा मोजायला लागते. येडी आहे का?

अच्युतन : काहीतरी मागं राहिलंय असं तिला वाटतंय. काय ते आठवत नाही.

पुष्पजा : शेळी!

अच्युतन : आपल्याला ठाऊक आहे. आपण ओरडून सांगू शकत नाही. मलाही वाटलं होतं मास्तर शेळी विसरले. घरी एकटा वाचत होतो तेव्हा ही ओळ दिसली, म्हणजे नीट दिसली. विसरले नव्हते गं. त्यांनी ती शेळी आपल्या हवाली केली होती. मी सोडून दिली. आणि सोडली की ही ओळ लंगडी पडायची, म्हणून ओळही गाळायचो. त्यांच्या सगळ्यात चांगल्या गोष्टीची मी बऱ्यापैकी गोष्ट करून ठेवली.

पुष्पजा : मग तुम्हीच का नाही वाचलीत नीट?

अच्युतन : चीरूला भ्यायचो.

पुष्पजा : आणि मी नको भिऊ?

अच्युतन : भी. भीत भीत वाच. तुझ्यावर जबरदस्ती नाही, स्टूल तुझं, जीभ तुझी. मी उद्या तुझ्या जागेवर बसेन. तुझा वाटा वळायला एक हात कमी नको.

पुष्पजा : तुम्हाला वळता येतं का अजून?

अच्युतन : बघू.

(दुसरा दिवस. विडीच्या कारखान्यात जेवणाची घंटा नुकतीच झाली आहे. पुष्पजा अजून वाचायच्या स्टुलावरच.)

पुष्पजा : सूप बघितलंत?

अच्युतन : बघितलं.

पुष्पजा : तळ दिसतोय. सुरुवातीला पडल्या तेवढ्याच. होडी लोटली आणि तिथून पुढं एकही नाही. मी वाचतेय आणि मला दिसतंय, कोणी उठत नाही, कोणी टाकत नाही. वाटलं, अजून उशीर नाही झालेला, सोडावी शेळी.

अच्युतन : का नाही सोडलीस?

पुष्पजा : ती ओळ समोर होती ना. ती आई पुन्हा मोजायला लागली होती. मध्येच तिला कशी थांबवू? जाऊ दे. सेक्रेटरी जिन्यावर आहे. सांगते त्याला, लावा टेप.

अच्युतन : तोंड पुस आणि हॉलकडं बघ.

पुष्पजा : बघवत नाही.

अच्युतन : तुझं नाही, त्यांची सुपं बघ. रोहिणीचं. लक्ष्मणनचं. कोणाचंच पुढं गेलेलं नाही. कात्र्या थांबल्या होत्या, पुष्पजा. तुला ऐकू नाही आलं?

पुष्पजा : मला वाटलं भीतीनं माझे कान बंद झाले.

अच्युतन : इतकी वर्षं वाचलं मी. लोक रडले, हसले, पण कात्र्या चालूच असायच्या. अशी सामसूम माझ्या वाट्याला कधी नाही आली. मला हेवा वाटला तुझा, खरंच सांगतो.

पुष्पजा : सेक्रेटरी सूप बघणार, अच्युतेट्टा. सामसूम नाही बघणार.

चीरू : ए पोरी. शेळी कुणी बांधून ठेवली?

पुष्पजा : पुस्तकात तशीच आहे, चीरूअम्मा. हे बघा.

चीरू : मला काय दाखवतेस? मला अक्षर ओळखता येत नाही. पण मला ठाऊक होतं.

अच्युतन : काय ठाऊक होतं?

चीरू : तूच सोडायचास ते. बाकीचं वाचताना आवाज कसा नदीसारखा. शेळीपाशी आलास की सरकारी नोटीस वाचल्यासारखा. मला काय कान नाहीत?

अच्युतन : मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?

चीरू : मला सुटलेली हवी होती. खोटी तर खोटी. तू सोडायचास, मी विड्या टाकायचे, दोघांचं भागत होतं.

पुष्पजा : रागावलात माझ्यावर?

चीरू : रागावू नको तर काय? पाणी तिच्या गळ्याशी आलेलं दिसत होतं मला. हे बघ माझं पान, कात्री निम्म्यात तशीच राहिलीय. हातच चालेना. असं वाचतात का कोणी?

पुष्पजा : चुकलंच माझं. मी उतरते.

चीरू : बस खाली. मी उतर म्हटलं? लक्ष्मणा, डबा बंद कर. बंद कर म्हणते ना. कोणी जेवायचं नाही आधी. हिचा वाटा वळा. ऐकताना हात बांधले होते ना सगळ्यांचे, आता सोडा. सेक्रेटरीला म्हणावं, थांब जरा जिन्यावर, आमची घंटा अजून व्हायचीय.

अच्युतन : ह्या माझ्या टाक त्यात.

चीरू : हे काय आहे? विडी आहे की केळफूल?

अच्युतन : सवय गेली.

चीरू : दोरा तरी नीट बांध, सगळी तंबाखू सांडतेय. आण इकडं. हं. टाकते. लक्ष्मणा, तू काय नुसता बघतोस? वळ. ती कॅसेट बायकोला ऐकव घरी.

पुष्पजा : चीरूअम्मा, पुरे, भरलं सूप. खरंच भरलं. जेवा आता.

चीरू : उद्या काय वाचणार आहेस?

पुष्पजा : तुम्ही म्हणाल ते. माडीवाल्याची? मोजेवाली? पण शेळीची नको म्हणत असाल तर परत कधीच नाही काढणार.

चीरू : तीच काढ. आज मी नुसती शेळीकडंच बघत बसले, त्या आईकडं बघायचं राहूनच गेलं.