दहा मिनिटांची फरशी

"कापायचं नाही म्हटलं ना."

"अगं ताई, दहा मिनिटं नुसती फरशी दिसते. आई कॅमेरा बंद करायलाच विसरली होती."

"फरशीवर तिचे पाय दिसतात. अख्ख्या कॅसेटमध्ये आई तेवढीच आहे."

कॉम्प्युटरच्या दुकानात त्यांच्या मागे रांगेत उभ्या असलेल्या वायरमनला घाई होती, तरी त्याने कान टवकारले.

"नव्या कॉम्प्युटरवर एडिटिंगचं सॉफ्टवेअर टाकू, की कॅसेट जशीच्या तशी उतरवणारा नुसता कन्व्हर्टर?" दुकानदाराने विचारलं.

"एडिटिंगचं. माझ्या लग्नाची कॅसेट आहे, बायकोला नीट करून दाखवायचीय."

"बारक्या, तेव्हा आई तुलाच शोधत होती. 'नवरदेव जेवला का' म्हणून दिसेल त्याला विचारतेय."

"असं कुठे आहे त्यात?"

"तू आवाज बंद करून बघितलंस, शहाण्या."

भावाने चष्मा काढून उगाचच पुसला.

"नुसता कन्व्हर्टर टाका," तो म्हणाला. "आणि जरा लवकर करा. मला आता निघायला हवं."