आधीच घेतलेलं हसू

—अहो, दारातच ओळखलं तुम्हाला! हात जरा वर घ्या, छातीचं माप घेतो. टीव्हीवर रुंद दिसता हो. बातम्यांच्या चॅनलांची काय पिसं काढता तुम्ही — रडणं इथलं, बोलणं तिथलं, जोडून झाली बातमी — हे तुम्हीच तर दाखवलंत आम्हाला. शनिवारी दुकान लवकर बंद करायचो तुमच्यापायी. बायको म्हणायची, एवढं देवापुढे बसला असतात तर... वळा जरा. धाकटा भाऊ माझा चॅनलात बातमीदार. त्याला म्हणायचो, अरे, ही माणसं बघ, सोड तुझी ती आरडाओरड. आणि ऐकलं होतं हो त्यानं! राजीनामा लिहून तयार होता.

मग मी तुमच्या कार्यक्रमाच्या शूटिंगला आलो की, प्रेक्षकांत बसायला, कडक इस्त्री करून. तुम्ही अजून मेकअपला, स्टेजवर चिटपाखरू नाही, आणि तो हेडफोनवाला म्हणतो, तुमचे चेहरे कॅमेऱ्यात आधीच घेऊन ठेवतो, हसा बघू मोठ्यानं! कशावर? — असंच, म्हणे. हसलो. पोट धरून हसलो, म्हटलं, साहेबांच्या कामी येईल. आलं ना कामी! पुढच्या शनिवारी टीव्ही लावतो तर — पुराच्या पाण्यात उभा राहून बोलता बोलता रडलेला माझा भाऊ, त्यावर तुमचं ते 'अश्रू कुठल्या दुकानातले', आणि लगेच मी. दात काढून. खरंच रडला होता हो तो, घरी येऊन जेवलाही नव्हता. आणि तुमचा कार्यक्रम लागला तेव्हा आई, पोरं, तो स्वतः — सगळे बसलेले टीव्हीपुढे. उठला, चपला घातल्या. मी मागे धावलो, अरे, ते हसू आधीचं आहे! तर म्हणतो, दादा, खोटं आम्हीही दाखवतो, पण सख्ख्या भावाला हसवून नाही. राजीनामा फाडला. फोनसुद्धा घेत नाही माझा.

तुमच्या ऑफिसात विचारलं, तर म्हणे, विनोद आहे, मनावर घेऊ नका. मनावर नको? अहो, तुमचं एकेक वाक्य मनावर घेतलं होतं मी!

काय? तुम्हाला माहीत नव्हतं? ते एडिटिंगवाले बघतात?

...चॅनलवाल्याची नक्कल करताना अगदी हेच म्हणता तुम्ही, असाच चेहरा करून. मी टाळ्या वाजवल्यात त्यावर.

हात खाली घ्या. नाही, माप काही लिहिलं नाही मी. कापड तुमचं तिथे खुर्चीवर आहे. उचला.