छपरावर बसलेला ढग

(रंगाऱ्याचं घर. कौलांवर सकाळपासून एक पांढरा ढग बसला आहे. दारात धाकटा मुलगा, हातात हातोडा आणि एकच खिळा. आत खाटेवर त्याचा म्हातारा बाप. विधवा सून रंगाच्या भट्ट्या पेटवते आहे.)

धाकटा : वहिनी, अहो भट्ट्या काय पेटवताय? ढग बसला की आधी चूल विझवायची, एवढंही विसरलात?

सून : विसरले नाही. ऐकणार नाही, एवढंच.

धाकटा : बाहेर अख्खी गल्ली दार ठोकून बंद करायला खिळे घेऊन उभी आहे. चला तुम्ही. ज्याला चालता येतं त्यानं बाहेर पडायचं.

सून : आणि मामंजी?

धाकटा : तुम्ही आधी चला तर.

सून : बोला की! ज्याला चालता येत नाही त्याचं काय करायचं?

धाकटा : तो ढगाचा. मी नाही ठरवलं हे.

म्हातारा : कोण, धाकटा आलाय का? बराच मोठा हातोडा आणलास रे. मी काय पळून जाणार होतो?

धाकटा : बाबा, पहिला खिळा रक्ताच्या माणसानंच मारायचा असतो. मी मारल्याशिवाय बाकीच्यांना हात लावता येत नाही.

म्हातारा : वा! रक्ताचा माणूस खिळा घेऊन आलाय, आणि परक्या घरची पोर मला पेज भरवतेय.

सून : तुम्ही गप्प पडा हो मामंजी, दम लागेल. भाऊजी, ती टोपली द्या इकडे. कोळसा हवाय.

धाकटा : कसला कोळसा! ढग आत उतरला की जिवंत कोणी सापडत नाही. लोहाराच्या आईचं काय झालं, पाहिलंत ना?

सून : पाहिलं. चूल विझवली, खिडक्या लिंपल्या, दार खिळ्यांनी बंद केलं. म्हातारी बाई गारठ्यात, अंधारात, एकटी. ढग नसता तरी जगली असती का हो ती?

धाकटा : पूर्वीपासून तसंच करत आलेत सगळे.

सून : म्हणून तर विचारतेय. दार उघडं ठेवून, आग पेटवून आत कोणी बसलंय कधी? एक तरी माणूस दाखवा.

धाकटा : आणि तुमचं चुकलं तर? ढग घरातून फुटून पलीकडे गेला तर? पलीकडे माझं घर आहे, वहिनी. पोर अजून रांगतंय माझं!

सून : ठाऊक आहे. त्याची नाळ मीच कापलीय.

धाकटा : मग?

सून : मग ऐका. या कढयांची वाफ कुठे जाते? वर. भट्ट्या धडधडून पेटवायच्या, वरची कौलं काढायची. ढगाला वर जायला मोकळी वाट दिली तर तो शेजारी कशाला शिरेल? कोंडलंत तरच फुटेल.

धाकटा : हे तुम्हाला नक्की ठाऊक आहे?

सून : नाही. मला फक्त एवढं ठाऊक आहे, की या माणसाला मी कोंडून मारणार नाही. ठोका तुमचा खिळा. मी आतच आहे.

म्हातारा : ऐक रे. ते ठोकाठोकीचं नंतर बघ. जाता जाता मला जरा वर सरकव. पाठ अवघडलीय.

धाकटा : थांबा, उचलतो. हां... अहो बाबा! केवढे हलके झालात तुम्ही!

म्हातारा : पावसाळ्यापासून फिरकला नाहीस. कळणार कसं?

धाकटा : हाडं लागताहेत हाताला. वहिनी, हे असे कधी झाले?

सून : रोज थोडे थोडे.

म्हातारा : आता रडू नकोस, मानेवर थेंब पडताहेत. बाहेर ओरडताहेत बघ तुझ्या नावानं.

धाकटा : ओरडू देत! अरे ऐका रे सगळे! घरी जा! खिळा मारायचा नाहीये! ... हो, माझ्या बापाचं घर आहे, मी सांगतोय! वाळीत टाकायचं तर टाका, आधी इथून हला! आणि माझ्या बायकोला निरोप द्या, म्हणावं पोराला घेऊन माहेरी जा. मी इथेच आहे.

सून : भाऊजी, शिडी मागच्या पडवीत आहे.

धाकटा : शिडी कशाला? माळ्यावर चढून आतूनच फोडतो कौलं. बाबांच्या अंगावर घोंगडी टाका.

सून : टाकली. मारा!

धाकटा : हे घ्या! आणि हे! ये रे भामट्या, ये खाली, बघतोच तुला!

म्हातारा : अरे, माझं छप्पर आहे ते! जरा बेतानं!

सून : उतरतोय. भाऊजी, खाली या, उतरतोय तो!

धाकटा : हात द्या वहिनी, पायाखालचं दिसत नाहीये.

सून : हा घ्या. मामंजी, श्वास लागतोय का?

म्हातारा : लागतोय, पण येतोय. सगळं पांढरं झालंय. कोण कोण आहे माझ्याजवळ?

सून : मी आहे.

धाकटा : मीही आहे, बाबा.

म्हातारा : मग भट्टीत लाकूड सारा. बघू, आधी तो कंटाळतो का आपण.