नातीच्या चारित्र्याचा दाखला

अगं, माझ्या तोंडापायी नातीची वकिली बुडाली असती. मी शाळेत न जाता लिहायला-वाचायला शिकले, पण गप्प बसायला काही शिकले नाही.

सनदेच्या अर्जाला चारित्र्याचा दाखला हवा होता. आमच्या मुलुंडच्या सोसायटीत सही चालणारे एकच, निवृत्त अधिकारी आणि वर्षानुवर्षं सोसायटीचे अध्यक्ष सावंत. त्यांना मी भर सभेत 'खुर्चीला चिकटलेलं च्युइंगम' म्हटलेलं. मग मीच नातीला घेऊन गेले माफी मागायला.

"सावंत, चारचौघांत बोलायला नको होतं."

"म्हणजे बोललात ते खोटं नव्हतं?"

"खोटं मी कशाला बोलू?"

नातीनं कपाळावर हात मारला. सावंतांनी मात्र निमूट लिहिलं, 'मुलीला जन्मापासून ओळखतो. वर्तन उत्तम. आजीवर गेलेली नाही.'

मी उसळणार, तोच नातीनं माझा दंड धरला. जन्मात पहिल्यांदा तोंड मिटलं.

जिन्यात म्हटलं, "आधी सनद घे. तुझी पहिली केस हीच, माझ्या अब्रुनुकसानीची."