तात्याचा उजवा गाल

चहा यायच्या आत तंबाखू मळायला घेतलीस व्हय रं? थांब, आधी माझ्या चुलतभावाचं ऐक, वडूजच्या तात्याचं.

लढाईवरनं परत आला आन् बर्माच्या गोष्टी सांगायला लागला. "एका गोळीत एक गडी!" सगळं गाव ऐकत बसायचं. पुढं त्याच्या उजव्या गालात, तंबाखू धरायचा तिथंच, आतनं जखम झाली. काय केल्या भरंना. मीच त्याला साताऱ्याला नेलं. तिथं फौजेतनं आलेल्या डॉक्टरीणबाई हुत्या. कॅप्टन! कॅन्सर कापण्यात लय तरबेज.

तात्यानं आत शिरताच फौजी सलाम ठोकला. बाईंनी बॅटरी मारून तोंड बघितलं आन् नवलानं विचारलं, "फौजेत काय करत होता?"

"नेमबाज हुतो, बाईसाहेब."

"डावखुरे आहात?"

"न्हाई."

"मग तंबाखू उजवीकडे कशी? लढाईत मी कितीतरी जवानांची तोंडं तपासली. नेम धरताना बंदुकीचा दस्ता उजव्या गालाला टेकतो, म्हणून ते तंबाखू डावीकडेच ठेवतात."

तात्या माझ्याकडं बघंचना. खाली मान घालून म्हणाला, "आचारी हुतो."

बाई हसल्या न्हाईत. "वेळेवर आलात. कापलं तर वाचाल. पण गालावर वण राहील."

तात्यानं झटक्यात मान वर केली. "गोळीचा वाटंल का वो, बाईसाहेब?"

बाईंनी हात पुढं केला. "वाटेल. आधी ती तंबाखूची पिशवी इकडे द्या."